सुटलेले ठोके

रेगेन्सबर्गच्या बाहेर डोनाऊ नदीच्या काठाकाठाने जाणारा एक साधा रस्ता आहे. आमच्या गावातून निघतो आणि पुढच्या गावात शिरतो. जाताना डावीकडे मक्याची शेतं, उजवीकडे उतार आणि खाली नदी, मध्ये एकच मोठं वळण. माझी मुलगी चार वर्षांची असताना मी रोज सकाळी तिला मागच्या सीटवर बांधून याच रस्त्याने किटात, म्हणजे तिच्या बालवाडीत, सोडायचे आणि दुपारी घेऊन यायचे. त्या वर्षी हिवाळ्याच्या तोंडावर मी एका व्हिडिओ गेममधला बिघाड शोधत बसले होते. आता ते दिवस आठवले की गेम नंतर आठवतो, आधी तो रस्ता आठवतो.

बिघाड शोधणं हेच माझं पोटापाण्याचं काम. गाड्यांचे सेन्सर बनवणाऱ्या एका कंपनीत मी टेस्ट इंजिनिअर होते. आमच्या धंद्यात सगळ्यात छळवादी दोष म्हणजे ‘स्पोराडिश’ दोष. मनाला येईल तेव्हा उगवतो, बघायला माणूस बसवला की गायब. असा दोष पुन्हा घडवून दाखवता आला नाही की रिपोर्टवर ‘निश्त रेप्रोडुत्सियरबार’ असा शेरा मारून फाइल बंद करतात. मला त्या शेऱ्याचा मनापासून राग होता. दोष असतोच, शोधणारा चुकीच्या जागी शोधत असतो, असं मी नवीन पोरांना मोठ्या तोऱ्यात ऐकवायचे. माझा स्वभाव पहिल्यापासून हा असा आहे. चूक दुसऱ्याची असेल तर मी ती सिद्ध केल्याशिवाय उठत नाही.

गेम मात्र माझा स्वतःचा होता. पुण्यात पहिली नोकरी लागल्यावर मी हातात धरून खेळायचा एक कन्सोल घेतला होता आणि त्याबरोबर ढोल वाजवायचा एक गेम. गाणं सुरू होतं, पडद्यावरून खुणा सरकत येतात, खूण रेघेवर आली की त्याच क्षणी बटण दाबायचं. कंपनीच्या बसमध्ये जाता-येता मी तो इतका खेळले होते की काही गाणी मला डोळे मिटूनही वाजवता यायची. जर्मनीत आल्यावर एक दिवस त्या कन्सोलची बॅटरी फुगली, मागचं झाकण वर उचललं गेलं, आणि तो बंद पडला. मग मी माझ्या गेमची डिस्क कॉम्प्युटरवर उतरवून घेतली आणि एम्युलेटर टाकला. एम्युलेटर म्हणजे कॉम्प्युटरला ‘मी तो कन्सोलच आहे’ असं सोंग घ्यायला लावणारा प्रोग्राम. कुठला गेम किती नीट चालतो याची एक यादी त्या प्रोग्रामच्या साइटवर होती. माझ्या गेमपुढे ‘उत्तम’ असं लिहिलेलं होतं.

त्या वर्षी मी अर्धवेळ काम करत होते. जेवणाच्या सुमाराला घरी यायचे आणि मुलीला आणायला निघेपर्यंत जो वेळ उरायचा तो माझा. नवरा वाल्डॉर्फला एका सॉफ्टवेअर कंपनीत होता. सोमवारी पहाटे जायचा, शुक्रवारी उगवायचा. सप्टेंबरात सासूबाई अमरावतीहून तीन महिन्यांसाठी आल्या होत्या. त्यांना मी आई म्हणते. आई शाळामास्तरीण, निवृत्त होऊन बरीच वर्षं झालेली, पण आवाज अजून वर्गातला. सुरुवातीचे आठवडे छान गेले. त्यांनी मला ज्वारीच्या पिठाची जर्मन आवृत्ती शोधून काढायला लावली, मी त्यांना कचऱ्याचे चार रंगांचे डबे शिकवले.

पहिल्यांदा बिघाड दिसला तो ऑक्टोबरातल्या एका दुपारी. गाणं मध्यावर होतं, माझा एकही ठोका चुकला नव्हता. आणि एकदम गाणं पुढच्या कडव्यात होतं. मधला तुकडा गेला कुठे? पडद्यावर सलग चुकलेल्या खुणांची लाल रांग. म्हणजे एम्युलेटरने मधला भाग गिळला आणि त्याचं खापर माझ्यावर फोडलं. मी चिडले, आणि खरं सांगायचं तर सुखावलेही. आता शोधायला काहीतरी मिळालं होतं.

एका वेळी एकच गोष्ट बदलायची, हा आमच्या कामाचा पहिला नियम. एम्युलेटरमध्ये ‘फ्रेमस्किप’ नावाची एक सोय असते. कॉम्प्युटर मागे पडायला लागला तर काही चित्रं न काढताच पुढे जायची. ती बंद केली. दोन-तीन दिवस सगळं सुरळीत, मग पुन्हा तुकडा गायब. चित्र काढायची पद्धत बदलली, आवाजाचं सेटिंग बदललं, ग्राफिक्स ड्रायव्हर नवा टाकला, मग जुना टाकला. एम्युलेटरच्या मागच्या आवृत्त्या एकेक करून उतरवल्या. डिस्कची प्रत पुन्हा काढली आणि पहिल्या प्रतीशी ताडून पाहिली. दोन्हींत तसूभरही फरक नव्हता. प्रत्येक वेळी वाटायचं की आता जमलं, आणि प्रत्येक वेळी काही दिवसांनी तो मधला तुकडा नाहीसा व्हायचा.

एकदा मी घड्याळ लावून बसले. गाण्याचा तुकडा खरंच गाळला जात असेल तर गाणं लवकर संपायला हवं. त्या दुपारी तुकडा गेला, मी घड्याळाकडे बघत राहिले, आणि गाणं जेव्हा संपायचं तेव्हाच, अगदी वेळेवर संपलं. तिथेच माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडायला हवा होता. पण मी काय निष्कर्ष काढला? चित्र गोठत असणार, आवाज आत चालू राहत असणार, आणि मग एम्युलेटर उडी मारून वेळ गाठत असणार. इतकं पटणारं स्पष्टीकरण सुचल्याबद्दल मी स्वतःवर खूश झाले.

याच सुमाराला वास यायला लागला. जळक्या रबरासारखा, घशाशी येणारा, क्षणभरच. तो आला की थोड्या वेळाने गेममध्ये तुकडा गेलेला असायचा, हेही माझ्या लक्षात आलं. म्हणजे कॉम्प्युटर आत तापतोय. मी तो उघडला, पंख्यातली धूळ काढली, प्रोसेसरवरची वाळलेली पेस्ट खरवडून नवी लावली. आई खुर्ची ओढून शेजारी बसून हे बघत होत्या.

“आई, तुम्हाला वास येतो ना कधी कधी? जळल्यासारखा?”

“मला नाही बाई कसला वास येत. माझं नाक चांगलं तिखट आहे. दूध लागायच्या आधी कळतं मला.”

“तुम्ही किचनमध्ये असता, फोडणीच्या वासात कसा येणार?”

“असेल,” त्या म्हणाल्या, आणि उठून गेल्या. त्यांचं तोंड उतरलेलं होतं. तेव्हाच काहीतरी बिनसलंय हे मला कळायला हवं होतं, पण माझ्या हातात स्क्रूड्रायव्हर होता.

बिनसलं होतं ते नवऱ्याने त्या शुक्रवारी सांगितलं. “आई म्हणतेय, तिने हाक मारली की तू ओ देत नाहीस. समोर बघत बसतेस आणि उत्तर देत नाहीस. मुद्दाम.”

“मी? कधी?”

“दुपारी. तू गेम खेळत असतेस तेव्हा. आणि परवा म्हणे भांडी घासतानासुद्धा. ती बोलत होती आणि तू तिच्याकडे पाठ करून उभी.”

मी जाम भडकले. मी कधी कुणाला उलटून बोलले असेन, हजारदा, पण अबोला धरणं माझ्या स्वभावात नाही. मला राग आला की सगळ्या घराला कळतं. मी नवऱ्याला म्हटलं की तुझ्या आईला गेम खेळणारी सून सहन होत नाही, एवढं सरळ आहे. त्याने नेहमीप्रमाणे दोन्हीकडे मान डोलावली. मीही मग आईंशी मोजकं बोलायला लागले. म्हणजे जो अबोला नव्हता तो आता खरोखरच सुरू झाला.

रविवारी सकाळी आमच्याकडे वंदना होते. बैठकीच्या खोलीत बुद्धांची लहानशी मूर्ती आहे, तिच्यापुढे मेणबत्ती आणि उदबत्ती. छतावरचा धुराचा अलार्म ओरडू नये म्हणून खिडकी उघडी. आई आल्यापासून त्याच सांगायच्या आणि आम्ही मागून म्हणायचो. पंचशील मला लहानपणापासून पाठ आहे, झोपेतही चुकणार नाही. त्या रविवारी वंदना संपली, मी उठायला लागले, तर आई बसूनच राहिल्या.

“चौथं शील गाळलंस तू,” त्या म्हणाल्या.

“नाही आई. म्हटलं की.”

“मी तुझ्याकडेच बघत होते. तिसरं म्हटलंस, मग तोंड मिटून बसलीस, आणि एकदम पाचव्याला सुरुवात केलीस. खोटं बोलणार नाही, एवढंच तेवढं गाळायचं. आणि वर मला सांगायचं की म्हटलं.”

नवरा म्हणाला, “आई, जाऊ दे ना.” त्याचे डोळे मिटलेले होते, त्याने काहीच पाहिलं नव्हतं. मुलगी जर्मनमध्ये काहीतरी गुणगुणत फुलांच्या पाकळ्या मोजत होती. मला तिसरं शील म्हटल्याचं आठवत होतं, पाचवं म्हटल्याचं आठवत होतं. चौथं म्हटलं असणारच. ‘असणारच’ हा शब्द आमच्या रिपोर्टात कुणी लिहिला असता तर मी तो लाल रेघ मारून परत पाठवला असता. स्वतःच्या घरात मात्र मी तो छातीठोकपणे वापरला. त्या दिवशी उदबत्तीच्या वासातही मला तो जळका वास आला होता. मला वाटलं, उदबत्ती स्वस्तातली आहे.

आईंनी त्याच संध्याकाळी मुलाला सांगितलं की परतीचं तिकीट अलीकडे आण. माझ्यापाशी त्या काही बोलल्या नाहीत. मी ते दाराआडून ऐकलं आणि मला रडू आलं, पण मी बाहेर गेले नाही.

नोव्हेंबर लागला आणि डोनाऊवर धुकं बसायला लागलं. नदीकाठी ते सकाळी येतं आणि दुपारपर्यंत हलत नाही. नदी दिसत नाही, फक्त तिचा गारठा काचेवर जाणवतो. एका सकाळी मुलीला सोडायला जाताना गाडीत तो रबराचा वास आला. पुढचं मला आठवतं ते किटाच्या पार्किंगमध्ये गाडी लावताना, उजवीकडच्या कुंपणाला इतकी चिकटून की मुलीला डावीकडच्या दाराने उतरवावं लागलं. रोजचा रस्ता होता. तेव्हा कुणी विचारलं असतं तर मी म्हटलं असतं, रोजचा रस्ता माणसाला कुठे आठवतो? मला एवढंच वाटलं की ब्रेक तापतायत. त्याच दिवशी परस्पर गॅरेजमध्ये गेले. मेकॅनिकने गाडी वर उचलली, चारही चाकं तपासली, आणि हात पुसत म्हणाला, “आल्झो... म्हणजे, मला तर काही सापडलं नाही.” मग तो गाडीच्या उजव्या बाजूला गेला. “पण हे बघितलंत का?”

उजव्या बाजूला, पुढच्या दारापासून मागच्या दाराच्या शेवटापर्यंत, एक लांबलचक ओरखडा होता. पत्रा आत दबलेला, निळा रंग खरवडून निघालेला. मी हादरले, आणि लगेच पेटले. आदल्या दिवशी मी सुपरमार्केटला गेले होते. तिथेच कुणीतरी घासून पळून गेलं. जर्मनीत ठोकून न थांबता जाणं हा गुन्हा आहे, आणि मला तर असल्या माणसांची चीड. मी तडक पोलिस चौकीत गेले आणि अज्ञात इसमाविरुद्ध तक्रार नोंदवली. तिथल्या बाईने विचारलं, नक्की तिथेच झालं का? मी म्हटलं, “या, गेनाऊ.” हो, अगदी तिथेच. एवढ्या ठामपणे मी क्वचितच काही बोलले असेन.

घरी येऊन मी हे रागारागाने सांगत होते, आईंना नाही, फोनवर नवऱ्याला. दुपारी मुलगी आली, आजीच्या मांडीवर बसली. संध्याकाळी आई तिसऱ्याच कुणाला सांगावं तसं भिंतीकडे बघून म्हणाल्या, “पोर म्हणते, सकाळी गाडी ओरडली.”

“दास आउटो हाट गश्रीन,” मुलगी म्हणाली. गाडी किंचाळली.

“रेडिओ असेल बाळा,” मी म्हटलं.

“नाइन,” नाही, असं ठासून ती म्हणाली, आणि खेळायला निघून गेली. तिने पुन्हा तो विषय काढला नाही. मीही नाही.

एम्युलेटर बनवणारी मंडळी एका फोरमवर असायची. मी तिथे माझा बिघाड व्यवस्थित लिहून टाकला होता: कुठली आवृत्ती, कुठलं गाणं, काय काय बदलून पाहिलं, आणि सोबत प्रोग्रामने स्वतःच नोंदवलेला सगळा तपशील. एका डेव्हलपरने उत्तर दिलं. तो कोण, कुठला, मला माहीत नाही. नावाच्या जागी मांजराचं चित्र होतं. तो म्हणाला, तेच गाणं मी वेगवेगळ्या मशीनवर चालवलं, काहीच होत नाही. तुमच्या नोंदीत एकही चित्र सुटलेलं नाही. मी लिहिलं, मग नोंद खोटी आहे. त्याने सभ्यपणे लिहिलं, नोंद खोटं बोलत नाही. घरातल्या वंदनेनंतर त्याच आठवड्यात हेही ऐकून घ्यायला लागलं म्हणून माझं डोकं आणखीच फिरलं.

शेवटी त्याने एक सुचवलं. तुम्ही बटण दाबता ते कंट्रोलरकडून प्रोग्रामपर्यंत पोहोचतच नसेल. मोबाइल असा लावा की पडदा आणि तुमचे हात एकाच वेळी दिसतील, आणि खेळताना चित्रण करा. म्हणजे बटण दाबलं गेलं की नाही ते कळेल. सूचना अचूक होती. मी त्याच्या जागी असते तर हेच मागितलं असतं.

दुसऱ्या दिवसापासून मी मोबाइल पुस्तकांच्या फळीवर टेकवून ठेवला आणि खेळत राहिले. काही दिवस काहीच घडलं नाही. मग एका दुपारी वास आला, आणि गाणं पुढच्या कडव्यात होतं, आणि पडद्यावर लाल रांग होती. मी टाळी वाजवली. सापडला! गेम थांबवला, मोबाइल उचलला आणि बघायला बसले.

पडदा स्वच्छ दिसत होता. हात दिसत होते, आणि कडेला माझ्या चेहऱ्याची अर्धी बाजू. खुणा सरकत होत्या, अंगठे चालत होते. मग चित्रातल्या बाईने नाक वर करून हुंगलं. आणि तिचे अंगठे थांबले.

गेम थांबला नव्हता. खुणा एकामागून एक रेघेवर येत होत्या आणि निघून जात होत्या, एकही अडखळत नव्हती. थांबली होती ती मी. डोळे उघडे होते, पडद्याकडेच होते. ओठ हलत होते, तोंडात काहीतरी चघळत असल्यासारखे. डावा हात कंट्रोलरवरून उठला आणि कुर्त्याचं टोक चिवडत राहिला, सावकाश, जसा कुणा दुसऱ्याचाच हात असावा. आणि त्या गाण्याच्या आवाजावरून स्वयंपाकघरातून आईंचा आवाज आला.

“अगं, पोहे टाकू का तुझ्यासाठी?”

हात चिवडत होता.

“अगं! ऐकतेस का?”

मग डाव आपटल्याचा आवाज. मग खालच्या पट्टीत, स्वतःशीच: “पाहा. ओसुद्धा देत नाही.”

आणखी काही खुणा निघून गेल्या. मग चित्रातली मी दचकले, हात परत कंट्रोलरवर गेला, आणि ती बाई, म्हणजे मी, पडद्याकडे बघून चिडून ओरडली: “गेला परत!”

मी ते पुन्हा पाहिलं. आईंचा तो आवाज मी त्या दुपारी ऐकला नव्हता. कानाडोळा केला नव्हता, विसरले नव्हते, मला तो ऐकूच आला नव्हता. त्या वेळात मी तिथे नव्हते.  दोष सापडला होता, पुन्हा पुन्हा दाखवता येत होता, त्याचं चित्रणसुद्धा होतं.

घड्याळात मुलीला आणायची वेळ होत आली होती. मी उठले, दाराशी गेले आणि खुंटीवरची गाडीची किल्ली घेतली. सवयीने. किल्ली हातात आल्यावर मी थांबले. या हाताने मी रोज सकाळी स्टिअरिंग धरत होते, आणि मागे ती बसलेली असायची.

“आई,” मी हाक मारली. “जरा इकडे या.”

आई पदराला हात पुसत आल्या. चेहऱ्यावर तो नवा, परका भाव. मी मोबाइल त्यांच्या हातात दिला. त्यांनी चष्मा लावला. त्यांचा स्वतःचा आवाज आला तेव्हा त्या दचकल्या. मग त्या शेवटपर्यंत हलल्या नाहीत.

“हे असं होतं तुला?” त्यांनी विचारलं. आवाज वर्गातला नव्हता.

“मला माहीत नव्हतं, आई. मला खरंच तुमची हाक ऐकू आली नाही.”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. “मग चौथं शीलसुद्धा...”

“नसेल म्हटलं मी. तुम्ही म्हणता तसं.”

त्यांचे डोळे भरून आले. “आणि मी तुला खोटारडी म्हणाले गं,” त्या म्हणाल्या. मग त्यांची नजर माझ्या हाताकडे गेली. त्यांनी किल्ली माझ्या मुठीतून सोडवून घेतली, पदराच्या टोकात ठेवली आणि गच्च गाठ मारली. “चालत जाऊ. मी येते.”

पुढचं सगळं, म्हणजे दवाखाना, डोक्याचे फोटो, ‘हा फिट येण्याचाच एक प्रकार’ हे निदान, गोळ्या, आणि डॉक्टरीणबाईंनी शांतपणे सांगितलेलं ‘आता बराच काळ गाडी नाही’, ते नंतर आलं. त्या गोळ्या मी अजून घेते. आईंनी तिकीट पुढे ढकललं, तेही नंतर. मांजरवाल्या माणसाला मी एवढंच कळवलं की दोष सापडला, एम्युलेटरचा नाही. त्याने विचारलं, मग कशाचा होता? त्याला मी अजूनही उत्तर दिलेलं नाही.

त्या दुपारी मी किटात फोन करून सांगितलं की उशीर होईल, आणि आम्ही दोघी निघालो. रस्त्याच्या कडेने सायकलींची वाट आहे, नदीच्या बाजूने. धुकं होतंच. आईंनी साडीवर माझ्या नवऱ्याचं जाड जॅकेट घातलं होतं आणि माझा दंड घट्ट धरला होता. गाड्या दिवे लावून धुक्यातून येत आणि जात. मी तो रस्ता कधी पायी चालले नव्हते. गाडीतून तो किती लहान वाटायचा.

वळणावर रस्ता आणि उताराच्या मध्ये लोखंडी कठडा आहे. आम्ही त्याच्या अलीकडे होतो तेव्हाच मला ते दिसलं. राखाडी पत्र्यावर, माझ्या मांडीच्या उंचीवर, एक निळा पट्टा. जवळ जाऊन मी बोट लावलं. आमच्या गाडीचाच निळा. पट्टा वळणाच्या सुरुवातीला सुरू झाला होता आणि कठड्याबरोबर पुढे गेला होता. मी त्याच्याबरोबर चालत गेले. तो जिथे संपत होता तिथून हातभर अंतरावर कठडाही संपत होता. पुढे फक्त गवताचा उतार, काही झाडं, आणि धुक्याखाली पाण्याचा आवाज.

गाडी किंचाळली, असं ती म्हणाली होती. तिची सीट उजवीकडे, मागच्या दाराला लागून. ज्या अज्ञात इसमाविरुद्ध मी तक्रार लिहून दिली होती, तो इथून गेला होता, आणि माझं लेकरू मागे बसलेलं होतं. तिने सगळं पाहिलं होतं आणि मला सांगितलंही होतं.

 मी त्या पट्ट्याकडे बघत उभी राहिले. आईंना वाटलं, मी पुन्हा गेले. त्यांनी माझा दंड हलवला, मग दोन्ही खांदे धरून हलवलं, आणि त्यांच्या आवाजात इतकी भीती मी कधीच ऐकली नव्हती.

“अगं! ओ दे ना गं! ऐकतेस ना?”

“ओ, आई,” मी म्हटलं. “आहे मी. इथेच आहे.”

मग त्यांनी मला रस्त्याच्या आतल्या बाजूला घेतलं, त्या स्वतः नदीच्या बाजूला झाल्या, आणि आम्ही मुलीला आणायला पुढे निघालो.